रोडग्याची विलायती मावसबहीण

दिवाळीला आठ-दहा दिवस उरले की मानवतच्या आमच्या गल्लीतून एक वरात निघायची. पुढे आई, तिच्या डोक्यावर डालड्याच्या रिकाम्या डब्यात मैदा, एका हातात पिठीसाखरेची पिशवी, दुसऱ्या हातात तुपाचा गंज. मागे आम्ही लेकरं, रिकामे डबे वाजवत. वरात बेकरीवर जायची. तिथे आधीच दहा-बारा घरच्या बाया आपापले डबे सांभाळत बसलेल्या असायच्या. कारागीर आमच्याच देखत आमचा मैदा आमच्या तुपात कालवायचा, पत्र्यावर बिस्किटं पाडायचा आणि लांब दांड्याच्या फळीनं तो पत्रा भट्टीच्या तोंडात ढकलायचा. आमचा नंबर लागेपर्यंत रात्रीचा एक वाजायचा. एका वर्षी अदलाबदल झाली आणि आमच्या डब्यात दुसऱ्याच कुणाची तरी बिस्किटं आली, आमच्याहून दुप्पट तुपाची. ती परत करावीत की काय, यावर आईनं दोन दिवस विचार केला. तोवर ती संपली होती.

आता त्या वरातीचा विचार करते तेव्हा एक गोष्ट खटकते. मैदा आमचा, साखर आमची, तूप तर घरचं. मग आम्ही बेकरीत नेमकं काय विकत घ्यायला जात होतो? चारी अंगांनी सारखी लागणारी आच. आच घरातही होती, पण चुलीची, खालून वर जाणारी. वरून-खालून-बाजूनं एकदम वेढणारी आच तेवढी आमच्याकडे नव्हती.

हे पुस्तक त्या आचेबद्दल आहे, आणि तिच्यात घरच्या घरी होणाऱ्या सगळ्यात सोप्या पदार्थाबद्दल आहे. लेखिकेनं प्रस्तावनेसाठी फोन केला तेव्हा मी म्हटलं, मी खाणाऱ्यांतली, करणाऱ्यांतली थोडी. ती म्हणाली, “ताई, करायचं कसं ते मी सांगते. स्कोन म्हणजे काय आणि मानवतच्या माणसानं त्याच्या वाटेला का जावं, ते तुम्ही सांगा.” तेव्हा तेच सांगते.

स्कोन म्हणजे मैदा, थोडं लोणी, त्याहून थोडी साखर, दूध आणि बेकिंग पावडर यांचा, जवळजवळ न मळता केलेला, दोन-अडीच सेंटिमीटर जाडीचा, मुठीत मावेल एवढा गोल. त्यात बेदाणे घातले की झाला फ्रूट स्कोन. तो बिस्किटासारखा कडक नसतो, केकसारखा स्पंजी नसतो आणि पावासारखा चिवट तर नसतोच. बाहेरून जरा कडक, आतून भुसभुशीत. चांगला जमला असेल तर सुरी लागत नाही, हातानंच मधोमध उकलतो. नावाचा उच्चार स्कोन की स्कॉन, यावर खुद्द इंग्लंडात एकमत नाही. स्कॉटलंडात बहुतेक लोक ‘स्कॉन’ म्हणतात, आणि त्याच स्पेलिंगच्या तिथल्या एका गावाला ‘स्कून’. आपण मराठीत सुटसुटीत पडतो म्हणून स्कोन म्हणू.

हा पदार्थ मूळचा स्कॉटलंडचा. 1513 साली गेव्हिन डग्लस या कवीनं व्हर्जिलच्या महाकाव्याचं स्कॉट्स भाषेत भाषांतर पुरं केलं, त्यात हा शब्द सापडतो. त्या काळचा स्कोन आजच्यासारखा फुगीर नव्हता. जव किंवा ओटच्या पिठाची ताटाएवढी जाड भाकरी चुलीवर टांगलेल्या लोखंडी तव्यावर भाजायची आणि तिचे चार तुकडे करायचे, तो स्कोन. या चौथाईला त्यांच्याकडे वेगळं नाव आहे. आपल्याकडेही आहे: चतकोर. हे वाचलं तेव्हा मला हसू आलं. ज्या पदार्थाला मी पंचतारांकित हॉटेलातल्या चहाच्या ताटातला समजत होते, तो निघाला थंड मुलखातल्या शेतकऱ्याच्या भाकरीचा चतकोर.

मग तो फुगला कधी? एकोणिसाव्या शतकात. 1843 मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड या औषधविक्रेत्यानं बेकिंग पावडर तयार केली. बायकोला यीस्ट सोसत नव्हतं, ही त्याची अडचण. (अंडंही सोसत नव्हतं, म्हणून त्यानं त्याआधी बिनअंड्याची कस्टर्ड पावडर काढली होती. बायकोच्या पोटापायी एवढं करणारा नवरा पाककलेच्या इतिहासात दुसरा नसावा.) पुढे अमेरिकेत होर्सफर्ड नावाच्या गृहस्थानं ही पूड सुधारून कारखान्यात करायला घेतली. घरोघर ओव्हन आले. चपटी भाकरी उंच झाली, जवाची जागा गव्हाच्या मैद्यानं घेतली. 1840 च्या सुमारास बेडफर्डच्या डचेसनं दुपारच्या चहाचा रिवाज पाडला होता, त्या टेबलावर स्कोन पुढे असा बसला की तिथून हलला नाही. साय आधी लावायची की जाम आधी, यावर डेव्हन आणि कॉर्नवॉल या शेजारी परगण्यांत आजही वाद आहे. पुरणपोळी दुधाशी खायची की तुपाशी, यावर जेवणाच्या पंगती थांबवणाऱ्यांना तो कळेल.

आता आपल्याकडे वळू, कारण या पुस्तकाचा पाया तिथे आहे.

मराठीत भाजणं हे एकच क्रियापद आहे. भाकरी भाजायची, वांगं भाजायचं, रवा भाजायचा, शेंगदाणे भाजायचे, आणि केकही भाजायचा. इंग्रजीत यांतल्या निम्म्या कामांना वेगवेगळे शब्द आहेत. म्हणून कुणी असं अनुमान काढतं की बंद आचेत शिजवणं आपल्याकडे नव्हतंच. हे खरं नाही. मराठवाड्यात आणि विदर्भात रोडगे होतात. जाडसर दळलेल्या गव्हाच्या पिठात मोहन, मीठ, ओवा घालून घट्ट भिजवायचं. लहान पुऱ्या लाटून तेल लावून एकीवर एक ठेवायच्या, वरून एक मोठी पारी गुंडाळून गोळा करायचा आणि गोवऱ्यांच्या आरात पुरून टाकायचा. आर म्हणजे धग उतरलेले, राखेनं झाकलेले निखारे. वरून, खालून, बाजूनं सारखी आच. गोळा तडकला, आतले पदर दिसायला लागले की झाडून घ्यायचा, हातानं फोडायचा, तूप ओतायचं आणि वांग्याच्या भाजीशी खायचा. पानात गुंडाळून भाजलेले पानगे याच कुळीतले. पैठणच्या एकनाथांच्या भारुडातली सासुरवाशीण भवानीला नवस बोलते तोही रोडग्याचाच. बंद आचेतला भाजीव पदार्थ आमच्या बाजूला देवीच्या नवसापर्यंत पोचलेला आहे. बेकरीच्या दारात डबे घेऊन बसलेल्या आम्हा बायांच्या आज्यांना ओव्हन ठाऊक होता. तो शेतात होता आणि दरवेळी नवा रचावा लागायचा, एवढंच.

पाव मात्र बाहेरून आला. शब्द पोर्तुगीज, पदार्थ पोर्तुगिजांबरोबरचा. पायानं मळतात म्हणून पाव, ही व्युत्पत्ती माझ्या आजीनं मला सांगितली होती आणि ती खोटी आहे. गोव्यात यीस्ट नव्हतं तेव्हा माडाच्या सुरेनं पीठ फुगवायचे. माजोर्ड्याच्या पोदेरांचं, म्हणजे पाववाल्यांचं, त्यात नाव. उंडो, कोंड्याची पोय, बांगडीच्या आकाराचं कांकण ही त्यांची लेकरं. गोव्याचे पोदेर मुंबईत आले आणि त्यांच्यापाठोपाठ इराणी आले. इराण्यांनी पाव-मस्का दिला, मावा केक दिला, पुण्याच्या कॅम्पात 1955 च्या सुमारास निघालेल्या कयानी बेकरीनं श्रूजबरी दिलं. श्रूजबरी हे इंग्लंडातलं गाव. तिथल्या बिस्किटाचं नाव पुणेकरांनी इतकं आपलं केलं की पुण्याहून येणाऱ्या पाहुण्यानं ते आणलं नाही तर आमच्याकडे अजून तोंडं वाकडी होतात. सुरतेच्या डच वखारीतली भट्टी एका पारशाकडे आली आणि तिथून नानकटाई आली, ही गोष्ट सगळीकडे सांगतात. आमच्या दिवाळीच्या डब्यात जे असायचं ते तिचंच मराठवाडी रूप.

मानवतची वाट मात्र मुंबई-पुण्याची नव्हती. आमचा मुलूख 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात. हैदराबादहून मनमाडला जाणारी गोदावरी खोऱ्याची रेल्वे 1900 च्या सुमारास झाली आणि गावापासून अंतरावर मानवत रोड स्टेशन उभं राहिलं. कापसाच्या गाठी तिथून बाहेर जायच्या आणि हैदराबादला दवाखान्याला, कोर्टाला, कॉलेजला गेलेली माणसं येताना पुडे आणायची. त्या पुड्यांत उस्मानिया बिस्किट असायचं. शेवटच्या निजामाचं, मीर उस्मान अलींचं नाव लावणारं, गोड आणि खारट एकाच घासात. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या खानचंद रामनानींनी 1953 साली हैदराबादच्या मोअज्जम जाही मार्केटजवळ कराची बेकरी काढली. तिथलं टुटी-फ्रुटी घातलेलं फ्रूट बिस्किट हे आमच्या पिढीला ठाऊक असलेलं फळवालं भाजीव. टुटी-फ्रुटी म्हणजे कच्च्या पपईचे पाकवलेले रंगीत तुकडे, हे कळलं तेव्हा मी बी.ए.ला होते आणि फसवणूक झाल्यासारखं वाटलं होतं. फ्रूट स्कोन आमच्याकडे आलाच असेल तर तो या बिस्किटाच्या ओळखीनं आला.

याच रेल्वेवरचं जालना आणखी एका कारणासाठी आठवावं. तिथे हैदराबाद कंटिंजंट या फौजेची छावणी होती. आणि तिथेच एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रेव्हरंड नारायण शेषाद्रींनी स्कॉटलंडच्या फ्री चर्चचं काम उभं केलं, शेजारी बेथेल नावाचं गाव वसवलं. स्कोनच्या मुलखाचं चर्च मानवतपासून इतकं जवळ आलं होतं.

पण त्या काळी मिशनऱ्यांच्या टेबलाशी बसणं सोपं नव्हतं. 1890 साली पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये रानडे, टिळक आणि इतर प्रतिष्ठित मंडळी एका कार्यक्रमाला गेली. तिथे चहा-बिस्किटं पुढे आली. गोपाळराव जोशींनी, म्हणजे डॉ. आनंदीबाईंच्या यजमानांनी, उपस्थितांची नावं वर्तमानपत्रात छापून आणली आणि बहिष्काराचं जे ग्रामण्य पेटलं ते शंकराचार्यांच्या दरबारापर्यंत गेलं. रानड्यांनी शेवटी प्रायश्चित्त घेतलं. एका बिस्किटानं एवढा धुरळा उडवल्याचं दुसरं उदाहरण मला ठाऊक नाही. आज आपण हसतो, पण भट्टीवर कोण बसतो, पिठाला कुणाचा हात लागतो, त्यात अंडं आहे की नाही, या शंकांनी बेकरी कितीतरी मराठी स्वयंपाकघरांच्या उंबऱ्याबाहेर ठेवली. आमची आजी दिवाळीची बिस्किटं खायची नाही. ‘मला तिखटाचंच बरं’ म्हणायची. खरं कारण सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी बोलायचं नाही.

म्हणूनच मराठी पाकपुस्तकांत ओव्हन उशिरा आणि बिचकत आला. 1875 चं ‘सूपशास्त्र’ हे मराठीतलं पहिलं छापील पाकपुस्तक; मग 1910 च्या सुमाराचं लक्ष्मीबाई धुरंधरांचं ‘गृहिणीमित्र’, हजार पाककृतींचं; मग 1970 ची कमलाबाई ओगल्यांची ‘रुचिरा’. कमलाबाईंनी वाटी-चमच्याचं माप लग्न होऊन परगावी गेलेल्या मुलींच्या हाती दिलं. त्या मापानं भाजी, आमटी, लाडू, वड्या यांचं सोनं केलं. भाजीव पदार्थांचं मात्र वाटीशी पटत नाही. ठासून भरलेली वाटी आणि हलक्या हातानं भरलेली वाटी यांत मैद्याचं वजन सहज पाव पटीनं बदलतं. भाजीत तेवढं चालून जातं. स्कोनमध्ये तेवढ्यानं दगड होतो. लेखिका ग्रॅमवर अडून बसली आहे आणि मला आधी ते शिष्टपणाचं वाटलं होतं. दोन वेळा वाटीनं करून पाहिल्यावर वजनकाटा आणला.

सत्तर-ऐंशीच्या दशकांत गोल अ‍ॅल्युमिनियमचा विजेचा ओव्हन आला. झाकणाला काचेचं भिंग, त्यातून आत डोकावायला लेकरांची रांग. त्याच्यासोबत कंडेन्स्ड मिल्कचा बिनअंड्याचा केक आला आणि अंड्याच्या शंकेचा निम्मा प्रश्न मिटला. पण मराठवाड्यात विजेचा भरवसा नव्हता. भारनियमनाच्या दिवसांत मी त्या ओव्हनमध्ये ठेवलेला वाढदिवसाचा केक अर्ध्यावर वीज जाऊन बसला; वर कवच, आत खळ. पाहुण्यांना तो चमच्यानं वाढला आणि ‘पुडिंग’ म्हणून सांगितलं. त्यानंतर आम्ही कुकरमध्ये वाळू घालून केक करायला शिकलो. शिट्टी काढायची, रिंग काढायची, तळाशी वाळू किंवा मीठ, त्यावर कडं, कड्यावर भांडं. नीट पाहिलं तर हा आरच आहे, राखेच्या जागी वाळू. गावातल्या मारवाडी घरांकडे याहून सरस साधन पूर्वीपासून आहे: बाटीसाठी गॅसवर ठेवायचा तंदूर. त्यात स्कोन किती छान होतो, हे मला एका मारवाडी शेजारणीनंच दाखवलं.

एवढा पसारा नीट लावायचा तर देशावरून लावण्यापेक्षा, पीठ कशानं फुगतं यावरून लावावा असं मला वाटतं. एक घराणं खमिराचं: पाव, नान, पोय. त्याला वेळ लागतो आणि मळणं लागतं, कारण पिठातला चिवटपणा वाढवून त्यात वायू कोंडायचा असतो. दुसरं घराणं पदरांचं: खारी, रोडगा. थर आणि थरांमधली चरबी, मधल्या पाण्याची वाफ होऊन थर सुटतात. तिसरं सोड्याचं: नानकटाई, केक, आपला ढोकळासुद्धा. सोड्याला आंबट भेटलं की वायू सुटतो. बेकिंग पावडरमध्ये दोन्ही कोरडेच एकत्र असतात, ओलं झालं की काम सुरू आणि आच लागली की पुन्हा एकदा.

स्कोन दुसऱ्या आणि तिसऱ्या घराण्याच्या मधला, आणि त्याची सगळी गंमत तिथेच आहे. करंजी-शंकरपाळ्याला आपण कडकडीत मोहन घालतो. तापलेली चरबी पिठाच्या कणाकणाला माखते, म्हणून खुसखुशीत होतं. मूठ आवळली की मुटका वळला पाहिजे, ही आपली परीक्षा. स्कोनमध्ये परीक्षा उलटी. लोणी फ्रीजमधून काढलेलं, गार आणि घट्ट. ते मैद्यात बोटांच्या टोकांनी, तळव्याची ऊब न लागू देता, भरड रव्यासारखं होईस्तोवर चोळायचं. बारीक तुकडे राहिलेच पाहिजेत. ओव्हनमध्ये ते तुकडे वितळतात, लोण्यातल्या पाण्याची वाफ होते आणि त्यांच्या जागी पोकळ्या राहतात. मग 225 ग्रॅम मैद्याला 50 ग्रॅम लोणी, 25 ग्रॅम साखर, बेकिंग पावडरचे 3 सपाट छोटे चमचे, मूठभर बेदाणे आणि साधारण 150 मिलिलिटर दूध. दूध घातल्यावर सुरीच्या पात्यानं कालवायचं, मळायचं नाही. पोळीच्या कणकेला दिलेला हात इथे दिला की संपलं. गोल कापताना वाटी सरळ खाली दाबायची, फिरवायची नाही. फिरवली तर कडा चिकटतात आणि स्कोन एका बाजूला कलतो. 220 अंशांवर 12 ते 15 मिनिटं. ज्या बाईनं आयुष्यभर कणीक तिंबली तिला हात आवरणं सगळ्यात जड जातं, असं लेखिका म्हणते. माझा अनुभव तोच आहे.

लोण्याऐवजी तूप चालेल का, हा आपल्याकडचा पहिला प्रश्न. तुपात पाणी नसतं, म्हणून वाफेचा भाग गळतो आणि पदार्थ नानकटाईकडे झुकतो. लेखिकेला ते मंजूर नाही. मला आहे. तुपाचा स्कोन कमी फुगतो पण चहात बुडवायला तो बरा.

फळांबद्दल मात्र आमचं एकमत आहे. इंग्रजी कृतींत लिहिलेला ‘सुलताना’ म्हणजे कुणी वेगळा मेवा नव्हे. सुलताना द्राक्ष म्हणजेच थॉमसन सीडलेस, आणि सांगली-नाशिककडे पिकणारं बरंचसं द्राक्ष त्याच जातीचं किंवा तिच्यातूनच निवडलेल्या तास-ए-गणेशसारख्या जातीचं. तासगावच्या शेडमध्ये जाळ्यांवर सावलीत वाळलेला बेदाणा, ज्याला 2016 साली भौगोलिक मानांकन मिळालं, तो फ्रूट स्कोनचा हक्काचा मेवा आहे. तो आधी कोऱ्या चहात तासभर भिजवावा. कोरडा घातला तर पिठातलं दूध पितो. वर डोकावणारे बेदाणे आत दाबावेत, नाहीतर करपून कडू होतात. जालन्याच्या मोसंबीची साल तीनदा उकळून, पाणी फेकून, साखरेच्या पाकात मुरवली की विलायती ‘मिक्स्ड पील’ विसरायला होतं. टुटी-फ्रुटी वापरायची तर वापरा, मी आता रागावत नाही.

आणि ज्वारी. परभणीच्या कृषी विद्यापीठानं ‘परभणी मोती’सारखा रब्बी ज्वारीचा वाण दिला, भाकरी हे या जिल्ह्याचं रोजचं अन्न. पण ज्वारीला गव्हासारखा चिवटपणा नाही, म्हणून तिचा पाव होत नाही आणि म्हणूनच खमिराच्या घराण्यानं तिला दारात उभं केलं नाही. स्कोनला तो चिवटपणा नकोच असतो! पावाचं वैगुण्य ते इथे गुण. मैद्यातला तिसरा हिस्सा ज्वारी घातलेला, ताकात भिजवलेला, सोड्यानं फुगवलेला स्कोन मी लेखिकेच्या घरी खाल्ला तेव्हा मला त्या जुन्या जवाच्या चतकोराची आठवण झाली, जो मी कधी पाहिलेला नाही. या पुस्तकातली सगळ्यात मोलाची पानं मला तीच वाटतात.

हे सगळं आताच का? 2020 च्या टाळेबंदीत बेकऱ्या बंद पडल्या तेव्हा घराघरांत लोक मोबाइलवर पाहून केक करू लागले. टाळेबंदी उठली, तेव्हा घेतलेले ओटीजी, म्हणजे विजेचे छोटे ओव्हन, ओट्यावर राहिले, बऱ्याच ठिकाणी आता त्यांवर कपड्यांच्या घड्या असतात. दुसरं कारण चरबीचं. खारी-टोस्टात वर्षानुवर्षं वनस्पती तूप गेलं. खाद्यपदार्थांतल्या ट्रान्स फॅटवर 2 टक्क्यांची मर्यादा 2022 च्या जानेवारीत आली. मर्यादा चांगलीच, पण घरी चोळलेलं लोणी कुणाचं आहे ते विचारावं लागत नाही. तिसरं, लाकडाची भट्टीच चालली आहे. 2025 च्या सुरुवातीला मुंबई उच्च न्यायालयानं शहरातल्या लाकूड-कोळशाच्या भट्ट्यांना सहा महिन्यांत दुसऱ्या इंधनाकडे वळायला सांगितलं. धुराचा विचार करता ते योग्यच आहे. पण ज्यांनी लाकडाच्या भट्टीचा पाव खाल्लाय त्यांच्या तोंडी ती चव आहे तोवर तिच्याबद्दल लिहून ठेवलं पाहिजे.

लेखिकेनं भट्टीचा इतिहास लिहिलेला नाही, तो तिचा हेतू नाही. तिचा आग्रह एवढाच की आचेची भीती जावी. म्हणून तिनं एकच पदार्थ धरला आणि तो तव्यावर, कुकरमध्ये, बाटीच्या तंदुरात, गोल ओव्हनमध्ये आणि ओटीजीत असा पाच ठिकाणी करून पाहिला, जिथे बिघडला तिथे बिघडला असं लिहिलं. मराठी पाकपुस्तकात बिघडलेल्या पदार्थाचं वर्णन मी पहिल्यांदा वाचलं. एक तक्रार आहे: मानवतच्या मे महिन्याबद्दल तिनं फार थोडं लिहिलं. पारा 42-43 वर असताना लोणी परातीत पडायच्या आधीच पातळ होतं. मैदा, परात, सगळं रात्री फ्रीजमध्ये ठेवून पहाटे पाचला करायचं, गोठवलेलं लोणी किसणीवर किसायचं, हा माझा उपाय मी इथे घुसडून देते.

खरा हंगाम मात्र डिसेंबरचा. परभणीचा पारा पाच-सहा अंशांवर उतरल्याची बातमी पेपरात येते, त्या सकाळी लोणी आपोआप हवं तसं असतं. पहिली खेप तेव्हा करा. ओव्हन नसेल तर थांबू नका. बिडाचा तवा मंद आचेवर ठेवा, स्कोन दीड सेंटिमीटरच थापा, चार चतकोर करा, वर जड झाकण ठेवा आणि दोन्ही अंगांनी सहा-सहा मिनिटं भाजा. पहिला घास साय लावून गरम असतानाच खा. दुपारपर्यंत त्यात काही उरत नाही.

मानवत, जि. परभणी